पान्याचा दिवा

“दिवा अजून पेटलेलाच हाय, देवू! मग तू दोन तास गाडीखाली झोपून केलंस काय?”

बोईसरच्या गॅरेजात मी हे म्हटलं तेव्हा माझा आवाज थोडा चढला होता. थोडा म्हणजे माझ्या मानाने थोडा. चाळीस वर्षं मासळीबाजारात बसून झालेला हा गळा. समोरच्या टायरवाल्याने हातातली पंक्चरची नळी तशीच धरून मान वर केली. बाकावर बसलेली चार गिऱ्हाइकं आपापल्या मोबाइलमधून बाहेर आली.

गाडी आमची. सात माणसांची, पण मागची बाकडी काढून तिथे मासळीचे टब ठेवतो. सातपाटीहून बोईसरच्या बाजारात येते-जाते, आणि चालवते माझी सून जागृती. टेम्पोवाल्यांचा तोरा मला सोसवेना, म्हणून मीच तिला पालघरला चालवायला शिकवणीला घातली. गावातल्या बाया म्हणाल्या, सून गाडी हाकणार? मी म्हटलं, तुमच्या सुना तुमी शोकेसमध्ये ठेवा.

तर त्या दिवशी सर्व्हिस झाली म्हणून जागृतीने किल्ली फिरवली, आणि काट्याच्या बाजूला तो पिवळा दिवा पेटला. वाटाण्याएवढा. त्यात पान्याचं चित्र. हाच दिवा आठ दिवस पेटत होता म्हणून तर गाडी आणली होती. “आई, गाडी सर्व्हिस मागते,” जागृती म्हणाली होती. आता सर्व्हिस झाली, तरी मागतच होती.

“ऑइल बदललाय, मावशी,” देवू म्हणाला. “फिल्टर नवा टाकलाय. बिरेक खोलून पायलेत.”

“मग हा कशाला बोंबलतोय?”

“त्याचा मला नाय समजत. ते दिव्याबिव्याचा धीरज करतो. तो लग्नाला गावी गेलाय.”

“म्हणजे ऑइल घालायला एक माणूस, नि दिवा घालवायला दुसरा? उद्या गाडी पुसायला तिसरा आणाल!”

बाकावरचा एक जण हसला. देवू हसला नाही. हा देवू मासवणचा, पन्नाशी उलटलेला, केस पिकलेले, बोटांच्या पेरांत काळं तेल असं भिनलेलं की अंघोळीनेही जात नसावं. त्याने बॉनेट उघडलं, ऑइलची दांडी ओढली, फडक्याने पुसली, परत आत घातली, परत काढली आणि माझ्यापुढे धरली.

“बगा हातानं.”

मी बघितलं. अंगठा आणि बोट घासून बघितलं, नाकाशी नेलं. मधासारखं होतं. जळका वास नाही, कचकच नाही. हे मी आधीच सांगून ठेवते, कारण पुढे याच्यावाचून कशाला अर्थ नाही. मी बघितलं होतं.

तेवढ्यात बाकावरचा कंपनीचा शर्ट घातलेला माणूस म्हणाला, “मौसी, आजकल ऐसाही करते हैं. पुराना निकालते नहीं, ऊपर से थोडा नया डाल देते हैं. चमकता है.” आणि दुसरा म्हणाला, “गाडी में कंप्यूटर है, वो झूठ थोडी बोलेगा?”

सगळे माझ्याकडे बघायला लागले. ती नजर मी ओळखते. सातपाटीची म्हातारी, लुगडं नेसलेली, हिला काय कळतंय, हिला टोपी घातली. शाळा मी दुसरीत सोडली, पाठच्या भावाला सांभाळायला. माझ्यापाशी शिक्षण म्हणाल तर एकच, मला कोणी फसवू शकत नाही. तेवढ्याच जोरावर मी घर उभं केलं. ते शिक्षण चार अनोळखी माणसांसमोर गॅरेजात माझ्या हातून निसटतंय असं वाटलं, आणि कानाच्या पाळ्या तापल्या.

“देवू,” मी म्हटलं, “माझ्या गाडीचा ऑइल नेलास कुठं?”

काचेच्या खोलीतून मेहुल बाहेर आला. हा मालक. बापाने दोन वर्षांपूर्वी त्याच्या हाती गॅरेज दिलं, तेव्हापासून हा बिलं फाडतो. हाताला कधी काळं लागलेलं मी बघितलं नाही.

“काय झाला, मावशी?”

“तुझ्या माणसाला विचार. यंत्र सांगतंय काम झालं नाय. तो सांगतोय झालं. दोघांतला एक खोटा हाय.”

मेहुलने दिव्याकडे बघितलं, मग गिऱ्हाइकांकडे, मग देवूकडे. “देवू,” तो हळू म्हणाला, पण सगळ्यांना ऐकू जाईल इतकं हळू, “मागच्या हप्त्यात पण ऑइलचा एक डबा शॉर्ट होता.”

देवू भांडेल, आईची शपथ घेईल, असं मला वाटलं होतं. चोरसुद्धा तेवढं करतो. त्याने दांडी जागच्या जागी बसवली. बॉनेट आपटलं नाही, दोन्ही तळव्यांनी दाबून बसवलं. फडक्याने एकेक बोट पुसलं, फडकं खिळ्याला अडकवलं. पेटीतून आपले स्वतःचे तीन पाने तेवढे वेचले आणि पिशवीत टाकले. जाताना माझ्यापाशी थांबला.

“मावशी, बोटा लगेच धुवू नका.”

एवढंच बोलून तो स्टेशनच्या बाजूने चालत गेला. परत गॅरेजात आला नाही.

गाडीत बसल्यावर जागृती म्हणाली, “आई, जरा जास्तच झालं.”

“तू पुढं बघून चालव.”

पण सातपाटीपर्यंत मी बोटं धुतली नाहीत. नाकाशी नेऊन दोन-तीनदा वास घेतला. नव्या तेलाचाच होता.

*

आमच्याकडे बोटीचं असं असतं. जूनपासून मासेमारीला बंदी. बोटी वर ओढतात, इंजीन खोलतात, तेल बदलतात, लाकडाच्या फटी भरतात, रंग लावतात. एकदा झालं की झालं. मग बोट वर्षभर तोंडातून शब्द काढत नाही. गाडीचंही मी तसंच धरलं होतं, दर वर्षी बंदीत सर्व्हिस. अंघोळ घालून, जेवू घालून, पोटभर झाल्यावर परत “मी उपाशी” म्हणणारं पोर मी बघितलंय. पण यंत्र?

दर्पणला, माझ्या मुलाला, विचारलं. तो रंगाच्या डब्यात ब्रश बुडवत म्हणाला, “आये, बोटीला असले दिवे नसतात. मला काय इचारतेस?”

मग मी रोज सकाळी बॉनेट उघडायला लागले. दांडी ओढायची, पुसायची, परत घालायची, बोटावर घ्यायचं. रोज मध. आणि आत काट्यांच्या काचेत रोज दिवा. दोघं एकमेकांकडे पाठ करून बसलेल्या जावांसारखी. मी कोणाचं ऐकू?

“आई, रोज दांडी काढून काय बघता?” जागृतीने विचारलं.

“गाडी जिती हाय का मेली.”

“चांगली पळते की. आवाज पण नाही.”

“तेच तर.”

आवाज नाही म्हटल्यावर मला देवूचा कान आठवला. तीस वर्षांपूर्वी तो बंदीत सातपाटीला यायचा, एका म्हाताऱ्या मिस्त्रीच्या हाताखाली. लांब दांड्याचा पेचकस इंजिनाला टेकवायचा, मूठ कानाला लावायची आणि डोळे मिटायचे. आमचे हे, बोटीचे तांडेल, म्हणायचे, वैद्य नाडी बघतो तसा बघतो बघ. एका वर्षी नारळ वाहून झाला, सगळ्या बोटी निघाल्या, आणि देवू म्हणाला, “तांडेल, नका नेऊ. आत कायतरी तडकलाय.” काय तडकलंय ते त्याला सांगता येईना. म्हातारा मिस्त्री म्हणाला, काही नाही झालं, न्या. माझ्या घरच्यांनी देवूचं ऐकलं. चार दिवस बोट किनाऱ्यावर, आणि गाव हसतंय. इंजीन खोललं तर आतल्या दांड्याला केसाएवढी चीर. त्या बोटीवर सात माणसं जायची. त्या दिवशी देवूला मी पापलेटाचा मधला तुकडा वाढला. तो तुकडा मी जावयालासुद्धा विचार करून वाढते.

आणि त्या माणसाला मी विचारलं, माझं ऑइल नेलंस कुठं.

पण मग दिवा? दिव्याला काय वैर होतं देवूशी? एका सकाळी वाटायचं, मी पाप केलं. बाजारात पोचेपर्यंत वाटायचं, बरोबर केलं, माणसं बदलतात, गरिबी माणसाला काय काय करायला लावते. सुके बोंबील मोजताना आकडा चुकायला लागला. वाट्यात एक जास्त जायचा. शेजारची मंदा म्हणाली, “रत्नाबाय, बरी हायस ना? आज जास्त देतेस.” याहून मोठा अपमान तिने मला आजवर केला नव्हता.

माझं लक्ष सारखं त्या पान्याकडे जायचं. एक दिवस उमरोळीच्या पुढे जागृतीने गाडी बाजूला घेतली, कपाळावरची टिकली काढली आणि दिव्यावर काचेला चिकटवली.

“झालं. आता नाही दिसत.”

दिसत होताच. टिकलीच्या कडेने पिवळी रेघ येत होती.

*

नारळी पुनवेच्या आदल्या दिवशी आमच्याकडे देव्हाऱ्यातला पत्र्याचा डबा काढतात. त्यात बोटीचे कागद. लायसन, विमा, सोसायटीचं पुस्तक. सासऱ्यांच्या वेळेपासूनची रीत आहे. डबा उघडायचा, कागद पाटावर मांडायचे, हळदकुंकू, फूल, आणि परत आत. तीन वर्षांपूर्वी गाडी घेतली तेव्हा दुकानदाराने एक जाड पाकीट दिलं होतं. मी म्हटलं, गाडीचे कागद, डब्यात. तेव्हापासून दर पुनवेला तेही पाटावर येतं.

या वर्षी मांडायला नात होती, रिद्धी. आठवीत आहे, पालघरला इंग्रजी शाळेत. तिने पाकिटाचं प्लास्टिक काढलं. तीन वर्षांचं कुंकू तिच्या बोटांना लागलं.

“आजी, हे कागद नाहीत. हे पुस्तक आहे. गाडी कशी वापरायची त्याचं.”

“असू दे. ठेव पाटावर.”

“अगं, यात सगळे दिवे दिलेत. हा बघ पाना.”

माझ्या हातात हळदीची वाटी होती. ती मी खाली ठेवली. “काय लिवलंय?”

तिने बोट ठेवून मनात वाचलं, मग मराठीत सांगितलं. “सर्व्हिसची वेळ झाली की हा दिवा लागतो. सर्व्हिस झाली तरी तो आपोआप जात नाही. किल्ली अर्धी फिरवायची, इंजीन सुरू नाही करायचं. काट्याजवळचं बटण दाबून धरायचं, दहा सेकंद. दिवा लुकलुकतो आणि जातो.”

“परत वाच.”

तिने परत वाचलं.

“आपोआप नाय जात?”

“नाही.”

“पण नवा ऑइल घातला हे त्याला कळत असंल ना? आत तर तोच बसलाय.”

“नाही गं आजी. तो फक्त किलोमीटर मोजतो. आत काय घातलं ते त्याला कुठे दिसतंय?”

मी पाटासमोर खाली बसले. रिद्धीला वाटलं गुडघा दुखला. माझ्या डोक्यात एकच घोळत होतं. बाजारात काही दुकानदार शिळ्या मासळीवर लाल बल्ब सोडतात, मासळी लालेलाल दिसावी म्हणून. शहरच्या बाया भुलतात. मी आयुष्यात त्या बल्बकडे बघितलं नाही. मी कल्ला उचलते, बोटाने अंग दाबते, वास घेते, आणि विकणाऱ्याच्या तोंडावर सांगते कालची आहे का परवाची. त्या दिवशीही मी बोटाने बघितलं होतं, वास घेतला होता. बोटं सांगत होती. आणि मी बल्बचं ऐकलं. आत काय आहे ते ज्याला दिसतच नाही, त्याचं.

रिद्धी किल्ली घेऊन अंगणात पळाली होती. “आजी, मी बंद करते, थांब!”

“हात लावू नको!” मी अशी ओरडले की शेजारच्या घरातून कोणीतरी बाहेर आलं. “त्या दिव्याला कोणी हात लावायचा नाय.”

*

नारळ झाला आणि दुसऱ्याच दिवशी मी जागृतीला घेऊन बोईसरला गेले. मेहुल काचेच्या खोलीत होता. देवूच्या जागी एक नवाच माणूस गाडीखाली होता.

“हां मावशी, तो दिवा बटणाने जातो,” मेहुल म्हणाला. “धीरज गावाहून आला तेव्हाच बोलला मला.”

“तेव्हाच? महिना झाला त्याला. मला सांगावंसं नाय वाटलं?”

“तुम्ही एवढा बोलून गेलात कस्टमरसमोर. मी काय बोलणार?”

“आणि देवूला?”

तो मोबाइल उलटा-सुलटा करत बसला.

“आणि तो डबा? शॉर्ट होता तो?”

“तो...” मेहुलने खोलीच्या कोपऱ्याकडे बघितलं. “तो मिळाला. रॅकच्या मागे पडलेला.”

धीरज हात पुसत आला. “आजी, दोन मिनिटं, मी घालवतो दिवा,” म्हणत त्याने गाडीचं दार उघडलं. मी त्याच्या मनगटावर चापट मारली. लागली असावी. मग मेहुलकडे वळले.

“देवूला परत घे.”

“आता जागा नाय, मावशी.”

मला त्याच्यावर खूप काही बोलता आलं असतं. तोंडापर्यंत आलंही होतं. पण बाकावर त्या दिवशीसारखी गिऱ्हाइकं बसली होती, आणि माझ्या लक्षात आलं की मेहुलने डब्याचं काढलं ते मी तोंड उघडल्यावर. सुरुवात माझी.

तिथून मनोरच्या रस्त्याने मासवण. पाड्यावर विचारत गेलो. देवूचं घर टोकाला, कुडाचं, समोर भाताचं चिंचोळं वावर. त्याची बायको कमळी ओट्यावर भाजी निवडत होती. तिने गाडी बघितली, मला बघितलं, आणि उठली नाही.

“सातपाटीची ना तू?”

“हो.”

“आता काय न्यायला आलीस? घरात ऑइल नाय. गोडा तेल हाय वाटीभर.”

जागृतीने माझ्याकडे बघितलं. माझ्याशी असं कोणी बोललं तर मी काय करते हे तिला माहीत आहे. मी ओट्याच्या खालच्या पायरीवर बसले.

“देवू कुठाय?”

“वावरात. दुसरा काय करंल? दोन गॅरेजवाल्यांनी नको सांगितला. पहिला ह्यांना विचारत्यात, बोईसर का सोडला? मग तिथं फोन करत्यात.” तिने भाजीचा देठ मोडला. “दिवाळी झाली का वीटभट्टीवर जाणार आमी दोघा. पंचवीस वर्सा झाली ते सोडून. आता परत.”

इंजिनाची नाडी बघणारा कान. विटा वाहणार.

मी सुक्या बोंबलांचं पुडकं ओट्यावर ठेवलं. चांगले निवडून आणले होते. तिने त्याकडे बघितलंही नाही.

देवू वावरातून आला तेव्हा गुडघ्यापर्यंत चिखल होता. त्याने पाय धुतले, मला “मावशी” म्हटलं, पाणी विचारलं. तिथेच मला जास्त लागलं. मी मोठ्या तयारीने आले होते. गाडीत जागृतीला दोनदा म्हणून दाखवलं होतं काय बोलायचं ते. “चुकलं” हा शब्द मी उभ्या जन्मात फक्त वजनाच्या बाबतीत वापरलाय, तोही दुसऱ्याच्या.

“देवू, माझं चुकलं. तो दिवा नुसता किलोमीटर मोजतो. बटण दाबलं की जातो. पुस्तकात लिवलंय. मी कोणालाच हात लावू दिला नाय. तू चल गाडीतून बोईसरला. त्या मेहुलच्या दारात, सगळ्यांसमोर तूच घालव. मी सांगते सगळ्यांना.”

देवूने गाडीकडे बघितलं.

“तुमी दांडीचा ऑइल बोटावर घेतलेला ना, मावशी?”

“घेतलेला.”

“कसा होता?”

“मधासारखा.”

“मग?”

त्याने आवाज चढवला नव्हता. खरंच विचारत होता. समजेना म्हणून विचारावं, तसं. कमळीचा हात भाजीवर थांबला. जागृती लांब बघायला लागली.

मला वाटलं, सांगावं की कंपनीचा शर्टवाला बोलला. कंप्यूटर बोलला. मेहुल बोलला. पण त्याने ते विचारलं नव्हतं.

“चार लोक बघत होते,” मी म्हटलं. “मला वाचता येत नाय. तुझ्यावर भरवसा ठेवला असता नि मग कळलं असतं का फसवलं, तर हसले असते मला. म्हणून मी आधीच ओरडले.”

देवूने मान हलवली. त्याला समजलं का, मला कळलं नाही. आजही कळलेलं नाही.

“तांडेलनं माज्यावर ठेवला होता,” तो म्हणाला. “अख्खा गाव हसला तरी.”

मग तो उठला. मला वाटलं, आता येईल. तो गाडीपाशी गेला, बॉनेट उघडलं, दांडी ओढली. फडकं नव्हतं, खांद्यावरच्या पंच्याला पुसली, परत घालून काढली आणि अंगठ्यावर घेऊन उन्हात धरली. जागृतीला गाडी सुरू करायला सांगितली. कान खाली नेला, डोळे मिटले.

“चांगला हाय. ऑइल अजून लई चालंल. इंजिनाच्या पट्ट्याला आवाज येतोय, बारका. पावसाळा सरला का बगून घ्या.”

“तूच बघ. आणि दिवा?”

त्याने चालकाच्या बाजूने वाकून आत बघितलं. टिकली दिसली असणार. किल्लीला हात लावला नाही.

“तो तुमी घालवा, नायतर ठेवा. मी ऑइल बदललेला. माजा काम त्याच दिवशी झाला होता.”

त्याने बॉनेट दोन्ही तळव्यांनी दाबून बसवलं आणि वावराकडे गेला.

पालघरच्या अलीकडे मला मागे काहीतरी दिसलं. बोंबलांचं पुडकं टबात होतं. वर सागाचं पान नीट झाकलेलं, वास लागू नये म्हणून. कधी आणून ठेवलं, कोणी, ते आम्हाला दोघींना कळलं नाही.

मी पुढे वाकले आणि टिकली नखाने खरवडून काढली.

“आई, घालवते का आता? बटण मला माहीत आहे,” जागृती म्हणाली.

“नको.”

आता बोईसरला जाताना गॅसच्या पंपावर रांगेत थांबावं लागतं. तिथे कोणी ना कोणी ड्रायव्हर आत डोकावतो. कंपन्यांच्या गाड्या हाकणारे, यूपी-बिहारचे, आपले, सगळे. दिवा बघितला की राहवत नाही त्यांना. कालही एक जण वाकला.

“मौसी, सर्विस बाकी है आपका. लाइट जल रहा है.”

“बाकी नाय. झालीय,” मी म्हटलं. “जागृती, किल्ली फिरवून ठेव, दिवा पेटता राहू दे.” मग त्याला म्हटलं, “बस इथं. मासवणचा देवू मिस्त्री म्हणून हाय. त्याला मी चोर म्हटलं होतं. कसं ते सांगते.”

मागच्या गाडीने हॉर्न दिला. तो ऐकत राहिला. मध्येच त्याने विचारलं, “मासवण में कहाँ?” मी त्याला पाड्याचा रस्ता सांगितला. असं पाच-सात जणांनी विचारलंय. त्यातलं कोणी गेलं का, माहीत नाही. दिवाळीला अजून दीड महिना आहे.

रांग पुढे सरकली. काचेवर टिकलीच्या डिंकाचा गोल राहिलाय. खरवडला तरी जात नाही. त्याच्या बरोबर मधोमध तो पाना पिवळा पेटलेला असतो.